युद्धानंतरच्या पोलंडमधला जॅझ: कायद्याची बंदी नव्हती, वाजवायला जागा नव्हती

तबकडी_७८ (धागाकर्ता)

पूर्व युरोपातल्या जॅझचा विषय निघाला की एक वाक्य हमखास ऐकू येतं: 'स्टालिनच्या काळात पोलंडमध्ये जॅझवर बंदी होती, ती १९५६ च्या ऑक्टोबरात उठली.' यातली दोन्ही विधानं ढिली आहेत. घटना क्रमाने लावल्या की चित्र बरंच वेगळं दिसतं, म्हणून हा धागा.

सुरुवात वॉर्साच्या कोनोप्निच्का रस्त्यावरच्या वायएमसीए या ख्रिस्ती युवक संस्थेच्या इमारतीपासून करू. शहर जवळपास जमीनदोस्त झालं होतं, पण ही इमारत उभी राहिली. आत पोहण्याचा तलाव, सभागृह, राहायच्या खोल्या. अशाच एका खोलीत लेखक लेओपोल्ड तिर्मान्द राहत असे. १९४० च्या दशकाच्या अखेरीस त्याने तिथे जॅझच्या बैठका भरवायला सुरुवात केली. वूच शहरात (नकाशावर 'लॉड्झ' वाचाल ते हेच) वायएमसीएच्याच आसऱ्याने 'मेलोमानी' हा वाद्यवृंद उभा राहिला. सॅक्सोफोनवर येझी मातुश्केविच, पियानोवर पुढे आंद्झेय त्शास्कोव्स्की, ड्रम्सवर वितोल्द सोबोचिन्स्की.

१९४९ मध्ये दोन गोष्टी घडल्या. ऑगस्टमध्ये वागुव्ह इथल्या संगीतकारांच्या परिषदेत समाजवादी वास्तववाद (पक्षाच्या विचारांची सेवा करणारी कला) हीच संगीताची अधिकृत दिशा ठरली आणि जॅझ 'भांडवलशाहीचा कचरा' या खात्यात गेला. त्याच वर्षी वायएमसीए बरखास्त झाली. ज्या छपराखाली हे संगीत वाजत होतं ते छप्परच गेलं. 'जॅझ वाजवू नये' असा कायदा काढायची गरजच पडली नाही. रेडिओ लावत नव्हता, तबकडी निघत नव्हती, सभागृह मिळत नव्हतं. पोलिश जॅझवाले १९४९ ते १९५४ च्या या काळाला 'काताकुंबी' म्हणतात, म्हणजे भुयारातली वर्षं.

आता तारखा बघा. 'झादुश्की जॅझोव्हे' हा पहिला जॅझ उत्सव, क्राकुफ, नोव्हेंबर १९५४. बाल्टिक किनाऱ्यावरच्या सोपोतचा पहिला जॅझ महोत्सव, ६ ते १२ ऑगस्ट १९५६. तुलनेने मवाळ कम्युनिस्ट नेता गोमुल्का सत्तेवर आला ऑक्टोबर १९५६ मध्ये. म्हणजे सोपोत आधी झालं आणि 'ऑक्टोबरची सूट' नंतर. दार आतून ढकललं जात होतं, हे मला यातलं सगळ्यात महत्त्वाचं वाटतं.

उत्तरवारा

धागा आवडला. भुयाराच्या वर्षांत सगळंच ठप्प होतं असं मात्र वाटू देऊ नका. हॉटेलांतले नाचाचे वाद्यवृंद चालूच होते. फॉक्सट्रॉट म्हणून जाहीर केलेल्या गाण्यात मधली सोळा बार (एक बार म्हणजे चार ठोके) स्विंग मारली तर फलकावर काही दिसत नाही. ज्यांचं पोट यावर होतं त्यांचा सराव त्यामुळे तुटला नाही.

दुसरा आसरा वूचची चित्रपट शाळा. मातुश्केविच आणि सोबोचिन्स्की दोघेही तिथे छायाचित्रणाचे विद्यार्थी. सोबोचिन्स्की तर पुढे पोलंडचा नावाजलेला छायाचित्रकार झाला. पोलिश सिनेमात एवढा जॅझ कुठून आला, याचं निम्मं उत्तर या शाळेत आहे. कॅमेरा शिकणारे आणि सॅक्सोफोन वाजवणारे हे एकाच वर्गातले लोक होते.

मीटरबँड

रेडिओच्या बाजूने भर घालतो, कारण 'व्हॉइस ऑफ अमेरिका ऐकून शिकले' हे वाक्य सगळे लिहितात, पण ऐकून शिकणं म्हणजे नेमकं काय, ते सुटून जातं.

या अमेरिकी सरकारी नभोवाणीवर निवेदक विलिस कोनोव्हरचा जॅझचा कार्यक्रम ६ जानेवारी १९५५ ला सुरू झाला. लघुलहरींवर, रात्री, आधी एक तास हलकंफुलकं संगीत आणि मग एक तास जॅझ. कोनोव्हर मुद्दाम सावकाश, शब्द सुटे करून बोलत असे. कार्यक्रम इंग्रजीत होता, आणि तेच त्याचं चिलखत ठरलं. खरखर सोडणारी केंद्रं मुख्यतः पोलिश भाषेतली प्रसारणं दाबण्यासाठी होती.

घराघरातलं साधन दोन प्रकारचं. एक, तारेवरचा सरकारी स्पीकर. त्याला आवाजाची खुंटी तेवढी, केंद्र बदलायची सोयच नाही. दुसरं, 'पिओन्येर' नावाचा देशी बनावटीचा व्हॉल्व्हचा रेडिओ. त्यावर दीर्घ, मध्यम आणि लघुलहरी तिन्ही लागत. जॅझ ज्याला लागत असे तो या दुसऱ्या संचाचा मालक किंवा त्याचा शेजारी.

आता लघुलहरींवर काय हरवतं ते बघा. असल्या प्रसारणात साधारण साडेचार-पाच किलोहर्ट्झच्या वरचं काही उरत नाही. झांजेची चमक तिथून वर असते, ती गेली. छोट्या स्पीकरवर शंभर हर्ट्झच्या खालचंही नीट उमटत नाही, म्हणजे डबल बासचे खालचे स्वर गेले. मधे उरतात ट्रम्पेट, सॅक्सोफोन आणि पियानोचा मधला पट्टा. शिवाय एकच लहर आयनांबरात दोन वाटांनी परावर्तित होऊन येते, त्या दोन्हींची गाठ चुकली की आवाज क्षणभर पोकळ आणि फाटका होतो. ऐन सोलोच्या मध्यावर असं झालं की ते दोन बार गेलेच. ड्रम्स आणि बास शिकणाऱ्याला रेडिओ निम्माच गुरू होता. झांज कशी वाजते ते तबकडीवरूनच कळायचं, किंवा समोर बसून.

आवर्तन

मीटरबँड, तुमच्या मुद्द्याला जोडून उतरवून घेण्याची रीत मांडतो, म्हणजे श्रम किती होते ते दिसेल.

बरीचशी गाणी ३२ बारची, 'अ-अ-ब-अ' अशा चालीची. म्हणजे आठ बारचा 'अ' तीनदा आणि आठ बारचा 'ब' एकदा. मिनिटाला २०० ठोक्यांची लय धरली तर ३२ बार म्हणजे १२८ ठोके, एक आवर्तन ३८ सेकंदांत संपतं. मूळ चाल सुरुवातीला एकदा आणि शेवटी एकदा येते. एका प्रसारणात 'अ' सहा वेळा कानावर पडतो आणि 'ब' फक्त दोन वेळा. म्हणून ऐकून उतरवलेल्या कागदावर चूक बहुतेक 'ब' मध्येच सापडते.

कामं वाटून घ्यायची. एकाने फक्त चाल लिहायची, दुसऱ्याने फक्त खालचा स्वर धरायचा (ऐकू आला नाही तर पियानोच्या डाव्या हातावरून अंदाज), तिसऱ्याने स्वरमेळ. तिघांनी एकच गोष्ट ऐकली तर तिघांचे कागद सारखेच अपुरे राहतात. नंतर पियानोपाशी बसून जुळवायचं. चालीतला स्वर स्वरमेळाशी भांडला तर आधी खालचा स्वर तपासायचा, कारण तोच सगळ्यात कमी ऐकू आलेला असतो.

टेपरेकॉर्डर हाती आला की चित्र पालटतं. टेप सेकंदाला १९ सेंटीमीटरवर भरायची आणि साडेनऊवर ऐकायची. लय निम्मी, स्वर बरोब्बर एक सप्तक खाली, म्हणून उतरवताना फक्त सप्तक बदललं की झालं. ७८ ची तबकडी ३३ वर लावून हे साधत नाही. ती सप्तकाहून आणखी अडीच-तीन अर्धस्वर खाली जाते आणि मग पट्टीचाच घोळ होतो.

पोझनानकर

कालक्रमात एक तारीख राहिली. २८ जून १९५६ ला पोझनानमध्ये कामगार रस्त्यावर उतरले, तेव्हा जमाव विमा कार्यालयाच्या इमारतीवर चढला आणि परदेशी प्रसारणं दाबणारी यंत्रं छतावरून खाली फेकून दिली. नोव्हेंबरमध्ये पोलंडने अशी खरखर सोडणं बंदच केलं. रेडिओ आणि राजकारण यांची गाठ इथे डोळ्यांना दिसते.

आणि याच पोझनानमधून सहा आठवड्यांनी पियानोवादक क्शिश्तोफ कोमेदाचा सहाजणांचा संच सोपोतला गेला.

तबकडी_७८

पोझनानकर, बरोबर. कोमेदाबद्दल थोडं सविस्तर, कारण सोपोतचा खरा निकाल तिथे लागला.

त्याचं खरं नाव क्शिश्तोफ त्श्चिन्स्की, जन्म १९३१, पोझनानमधला कान-नाक-घशाचा डॉक्टर. दवाखान्यातल्या लोकांना कळू नये म्हणून मंचावर 'कोमेदा'. जॅझ वाजवणं नोकरीला बरं नव्हतं, याचा यापेक्षा चांगला पुरावा नाही. संचात बॅरिटोन सॅक्सोफोनवर यान व्रुब्लेव्स्की आणि व्हायब्राफोनवर येझी मिलियन होते.

सोपोतला उद्घाटनाची मिरवणूक निघाली, न्यू ऑर्लिन्सच्या धर्तीवर, रस्त्यावरून वाजवत. बहुतेक वृंद डिक्सीलँड आणि स्विंग घेऊन आले होते, नाचता येईल असं. कोमेदाचा संच मात्र मॉडर्न जाझ क्वार्टेट आणि जेरी मलिगन या अमेरिकी वादकांच्या वाटेने गेला. संयत, बारीक कोरलेलं, बसून ऐकायचं संगीत. 'जॅझ म्हणजे नाच' हे समीकरण पोलंडमध्ये इथून सैल झालं. हा महोत्सव घडवण्यात पत्रकार फ्रान्चिशेक वालित्स्की आणि तिर्मान्द यांचा मोठा हात होता.

निळीशाई

एक शंका. क्ष-किरणांच्या फिल्मवर कोरलेल्या तबकड्या, 'हाडांवरचं संगीत', त्या पोलंडमध्येही चालत होत्या ना? बऱ्याच लेखांत तसं दिसतं.

तबकडी_७८

निळीशाई, त्या फिल्मवरच्या तबकड्यांची गोष्ट मुख्यतः सोव्हिएत शहरांची, त्यातही लेनिनग्राडची. लेख लिहिताना सगळा पूर्व युरोप एका पोत्यात घातला जातो आणि हे घोळ होतात. पोलंडची खास चीज म्हणजे 'पोच्तुफ्का जव्येंकोव्हा', बोलतं पोस्टकार्ड. जाड कागदाच्या चित्रावर पारदर्शक प्लास्टिकचा थर, त्यावर खोबण, मधे भोक. लहान खाजगी कारखाने ती काढत. एका कार्डावर एकच गाणं. पण तिचा बहर १९५० च्या दशकाच्या शेवटी आणि पुढे, भुयाराच्या वर्षांत नव्हे.

कोणाच्या हाती असं कार्ड आलं तर: कार्ड वाकलेलं असतं, म्हणून सुई उड्या मारते. सपाट काचेखाली काही दिवस दाबून ठेवा, गरम करू नका, प्लास्टिक आणि कागद वेगवेगळे आकसतात आणि थर सुटतो. वाजवताना खाली एक नेहमीची तबकडी ठेवा. सुईचा भार वाढवून उडी थांबवायचा मोह आवरा, खोबण उथळ आहे, दोनचार वेळात घासून जाईल.

कोठीघर

क्राकुफच्या झादुश्कीबद्दल कोणी लिहिलं नाही अजून. झादुश्की म्हणजे मृतांच्या स्मरणाचा दिवस, २ नोव्हेंबर. आदल्या दिवशी सुटी, लोक तसेही प्रवासात, स्मशानात दिवे लावायला गावोगाव जातात. अशा वेळी वॉर्सा, वूच, पोझनानहून वाजवणारे क्राकुफच्या एका शाळेच्या दालनात जमले तर ते चटकन नजरेत भरत नाही, आणि 'गेलेल्यांसाठी वाजवतो' याला कोण हरकत घेणार? वेळ आणि जागा अशी निवडली की परवानगीचा प्रश्न टोकाला जाऊ नये. हा उत्सव आजही होतो. युरोपातल्या सर्वांत जुन्या जॅझ उत्सवांत त्याची गणना होते.

कपड्यांचाही विषय आहे. त्या काळच्या 'बिकिन्याझे' म्हणवल्या जाणाऱ्या तरुणांची ओळख: घोट्याशी आवळलेली तोकडी पँट, त्याखाली दिसतील असे रंगीत पट्ट्यांचे मोजे, जाड तळाचे बूट, भडक टाय. वर्तमानपत्रं त्यांच्यावर तुटून पडत, युवक संघटनेची पोरं रस्त्यात अडवत. तिर्मान्दचे रंगीत मोजे तर दंतकथा झाले. पण मोजे घालणारा प्रत्येक जण जॅझचा जाणकार होता असं समजू नये. वाजवणारे वेगळे, मिरवणारे वेगळे, आणि पोलिसांच्या दृष्टीने सगळे एकच, म्हणून ते पुढे एकत्र आले.

पूर्वरेषा

मला मूळ मांडणीला थोडा विरोध नोंदवायचा आहे. १९५६ नंतर हे सगळं सरकारच्याच पैशावर चाललं. 'जॅझ' नावाचं मासिक १९५६ मध्येच ग्दान्स्कहून युझेफ बाल्त्सेराकने सुरू केलं, समाजवादी गटातलं पहिलं. १९५८ च्या सप्टेंबरात वॉर्साचा महोत्सव 'स्तोदोवा' या विद्यार्थी क्लबात भरला (शब्दाचा अर्थ धान्याचं कोठार), पुढच्या वर्षापासून त्याचं नाव जॅझ जाम्बोरी. मोठ्या तबकड्या बहुतेक एकाच कंपनीच्या, तीही सरकारी. मग याला बंडाचं संगीत म्हणायचं कसं?

तबकडी_७८

पूर्वरेषा, विरोध रास्त आहे. मी 'बंड' हा शब्द म्हणूनच वापरला नाही. माझा मुद्दा जागेचाच आहे. १९४९ मध्ये सरकारने जागा काढून घेतली आणि संगीत आक्रसलं. १९५६ नंतर सरकारने जागा दिली आणि दहा वर्षांत ते जगाच्या दर्जाला गेलं. ५ जानेवारी १९५८ ला मेलोमानी वॉर्साच्या राष्ट्रीय फिलहार्मोनिकमध्ये वाजले, जिथे शोपँ वाजतो तिथे. शाळेच्या दालनापासून तिथवर यायला चार वर्षंही लागली नाहीत.

किंमतही होती. व्यावसायिक म्हणून वाजवायचं तर सरकारी परीक्षकांसमोर चाचणी द्यायची, त्यावर श्रेणी ठरायची आणि श्रेणीवर प्रत्येक कार्यक्रमाचं मानधन. परदेशात कार्यक्रम करायचा तर सरकारी संस्थेमार्फत. आणि ज्याने पहिल्या बैठका भरवल्या त्या तिर्मान्दला १९६० च्या दशकाच्या मध्यात देश सोडावा लागला, लिहिलेलं छापून येईना म्हणून. संगीताला जेवढी मोकळीक मिळाली तेवढी शब्दाला मिळाली नाही. जॅझला शब्द नसतात, हे त्याच्या पथ्यावर पडलं असं माझं ठाम मत आहे.

मांडवी

मुंबईचा एक खरा धागा इथे जुळतो. अमेरिकी पियानोवादक डेव्ह ब्रूबेकचा चौघांचा संच मार्च १९५८ मध्ये अमेरिकी परराष्ट्र खात्याच्या दौऱ्यावर पोलंडमध्ये फिरला. शोपँच्या आठवणींनी भारलेल्या त्या दिवसांत ब्रूबेकने 'जेंकुये' (पोलिशमध्ये 'आभारी आहे') ही रचना केली आणि पोझनानच्या शेवटच्या कार्यक्रमात वाजवली. तोच दौरा पुढे तुर्कस्तानमार्गे भारतात आला, मुंबईतही वाजला. त्यातून निघालेल्या 'जाझ इम्प्रेशन्स ऑफ युरेशिया' या तबकडीवर 'जेंकुये' आणि 'कॅलकटा ब्लूज' एकत्र आहेत.

आणखी एक साम्य. मुंबईत गोव्याचे वाजवणारे रात्री हॉटेलात जॅझ आणि दिवसा हिंदी चित्रपटांच्या वाद्यवृंदात. पोलंडमध्येही जॅझवाल्याची चूल बरीचशी सिनेमावर पेटली. मातुश्केविच पुढे चित्रपट आणि दूरचित्रवाणीचा संगीतकार म्हणूनच घराघरात पोचला. फरक असा की मुंबईतल्या वादकाचं नाव पडद्यावर आलं नाही, आणि कोमेदाचं नाव दिग्दर्शक रोमान पोलान्स्कीच्या चित्रपटांमुळे जगभर गेलं.

निळीशाई

उत्तरांबद्दल आभार. आता नवख्याने ऐकायला सुरुवात कुठून करावी? आणि जुन्या तबकड्या घेताना काय बघावं?

तबकडी_७८

आधी 'पोलिश जॅझ' ही मालिका समजून घ्या. १९६५ ते १९८९, ७६ खंड, 'मुझा' या छापाखाली. २०१६ पासून ती पुन्हा सुरू झाली आहे. मालिकेच्या आधीची, १९६३ ची कुरिलेविच पंचकाची 'गो राइट' ही पोलिश जॅझची पहिली मोठी तबकडी मानतात. पण सुरुवात खंड ५ पासून करा: कोमेदाची 'अस्तिग्मातिक', ध्वनिमुद्रण डिसेंबर १९६५, वॉर्सा. पहिली बाजू पूर्णपणे एकाच रचनेची, बावीस मिनिटांहून जास्त. दुसऱ्या बाजूला 'काट्टोर्ना' आणि 'स्वान्टेटिक'. ट्रम्पेटवर तोमाश स्तान्को, आल्टो सॅक्सोफोनवर झ्बिग्न्येव्ह नामिस्वोव्स्की, बासवर जर्मन ग्युंटर लेन्झ, ड्रम्सवर स्वीडिश रूने कार्लसन.

नवख्याने बाजू उलटी करून 'काट्टोर्ना' आधी ऐकावी, सात मिनिटांची आणि चाल पक्की. मग 'स्वान्टेटिक', आणि शेवटी 'अस्तिग्मातिक'. पहिल्यांदाच लांब रचना लावली तर लय मधे मधे थांबते आणि तुटते, तेव्हा माणूस वाट चुकतो. तिथे बासवर कान ठेवा. चाल परत कधी वळणार याची पहिली खूण तिथेच मिळते.

खरेदीबद्दल: क्रमांकाआधीची अक्षरं वाचा. 'एक्सएल' म्हणजे बारा इंची मोनो, 'एसएक्सएल' म्हणजे स्टिरिओ. अस्तिग्मातिकचा क्रमांक ०२९८. मोनो प्रत स्टिरिओ सुईने वाजवत असाल तर अँप्लिफायरवरचं मोनो बटण दाबा. सुईच्या खालीवर हलण्यातून येणारी चरचर दोन वाहिन्यांत उलटसुलट असते, त्या मिसळल्या की ती बरीचशी कटते. मधलं भोक केंद्रावर आहे ना ते तबकडी फिरवून बघा. सुईचा दांडा प्रत्येक फेरीला डावीउजवीकडे झुलत असेल तर ३३ च्या वेगाला दर १.८ सेकंदांनी सूर हेलकावे खाईल. ट्रम्पेटच्या लांब स्वरावर ते लगेच कळतं, ड्रम्सवर कळत नाही. म्हणून दुकानात लावून बघायची वेळ आली तर सुई स्तान्कोच्या सोलोवर ठेवा.

मांडवी

स्तान्कोचं नाव निघालंच आहे म्हणून. १९८० मध्ये त्याने एकट्याने, दुसरं कुठलंही वाद्य न घेता, ताजमहालात आणि आपल्या कार्ल्याच्या लेण्यात ट्रम्पेट वाजवून ध्वनिमुद्रण केलं. कार्ल्याचा चैत्य सुमारे ३८ मीटर लांब, दोन्ही बाजूंना खांबांच्या रांगा, वर कमानीला अजून मूळच्या लाकडी फासळ्या. ताजच्या घुमटाखाली स्वर वर फिरत राहतो, आणि पुढचा स्वर मागच्या स्वरावर चढतो. चैत्यात खांब आणि फासळ्या तो लवकर फोडतात, त्यामुळे वाक्यं सुटी ऐकू येतात. हेडफोन लावून दोन्ही ठिकाणचे तुकडे पाठोपाठ ऐका आणि प्रत्येक वाक्यानंतर तो किती वेळ थांबतो ते मोजा.